डाख न लावता रवा बसवायचा: एट्रुस्कन सोनारांचे रवाकाम आपल्या बाकावर

एट्रुस्कन कर्णभूषणाचा एखादा मोठा करून छापलेला फोटो शोधा आणि रव्याच्या, म्हणजे सोन्याच्या इवल्या गोल दाण्याच्या, पायाशी बघा. रवा आणि पत्रा जिथे टेकतात तिथे डाखाचे, म्हणजे जोडायला वापरतात त्या लवकर वितळणाऱ्या धातूचे, तळे दिसत नाही. दिसते ती एक इवलीशी मान, रव्यापेक्षा कितीतरी बारीक. रवा पत्र्यावर नुसता ठेवल्यासारखा वाटतो, आणि तरी अडीच हजार वर्षे मातीखाली राहूनही तो सुटलेला नाही. ही मान कशी तयार होते, हे शिकण्यासाठी हा लेख आहे. ज्यांनी निदान चांदीचा एखादा जोड लावलेला आहे, ज्योत हातात धरलेली आहे, त्यांनी तो बाकाशेजारी ठेवून वाचावा.

आधी थोडी पार्श्वभूमी. एट्रुस्कन म्हणजे आजच्या इटलीतल्या तोस्काना आणि उत्तर लात्सिओ भागात, रोम मोठे होण्याआधीपासून नांदलेले लोक. रोमजवळच्या चेर्वेतेरीत १८३६ साली एक थडगे उघडले. एक धर्मगुरू रेगोलिनी आणि एक सेनानी गालास्सी यांनी ते खणले, म्हणून त्याला दोघांचे नाव. त्यात जवळपास फूटभर लांबीची सोन्याची वस्त्रपिन निघाली: वरच्या चकतीवर चालणारे पाच सिंह, खालच्या पानावर रांगेने बसवलेली छोटी बदके, आणि कडांना रव्यांच्या ओळी. काळ इसवी सनापूर्वी सातव्या शतकाचा. ती आता व्हॅटिकनच्या एट्रुस्कन संग्रहालयात आहे. त्याच काळातल्या वेतुलोनियाच्या कारागिरांनी तर रवा इतका बारीक केला की चित्रातला प्राणी सोन्याच्या धुळीने भरल्यासारखा दिसतो. इटालियन भाषेत या कामाला धुळीवरूनच नाव पडले आहे: पुल्विस्कोलो.

रवाकाम एट्रुस्कनांनी शोधले नाही. मेसोपोटेमियात उर येथल्या राजथडग्यांत ते आहे, क्रीटमधल्या मालिया येथल्या दोन मधमाश्यांच्या लोलकात आहे, आणि आपल्या बाजूला तक्षशिलेच्या सिरकपमध्ये सापडलेल्या दागिन्यांतही आहे. पण बारकावा बघायचा तर एट्रुस्कनांचाच.

एकोणिसाव्या शतकात रोममधल्या कास्तेल्लानी या सोनार घराण्याने हे काम परत उभे करायचा ध्यास घेतला. मार्के प्रांतातल्या एका डोंगराळ गावात जुन्या पद्धतीने काम करणारे कारागीर त्यांना सापडले, त्यांना रोमला आणले. दागिने अप्रतिम झाले. धुळीएवढा रवा मात्र जमला नाही, कारण ते डाखानेच जोडत होते. डाख पाझरतो, आणि दोन रव्यांमधली फट जितकी लहान तितका तो जोराने तिच्यात शिरतो. पाव मिलिमीटरच्या रव्यांमध्ये डाख गेला की रवे दिसतच नाहीत, नुसता खरबरीत पत्रा दिसतो.

कोडे सुटले ते १९३० च्या दशकात. जर्मनीत एलिझाबेथ ट्रेस्को यांनी बाकावर प्रयोग करून रवाकाम पुन्हा साधले, आणि इंग्लंडमध्ये लिटलडेल यांनी १९३३ मध्ये याच तत्त्वाचे पेटंट घेतले. तत्त्व सांगायला दोन मिनिटे लागतात. तांब्याचा क्षार खळीत मिसळून रवे चिकटवायचे. तापवले की क्षाराचे तांब्याचे भस्म होते. आणखी तापवले की खळ जळून कोळसा होते. तो कोळसा भस्मातला प्राणवायू ओढून घेतो आणि धातूरूप तांबे मागे राहते, तेही नेमके रवा टेकतो तिथे. सोने १०६४ अंशांना वितळते, तांबे १०८५ ला. पण दोघे भेटले की त्यांचे मिश्रण साधारण ९०० अंशांच्या आसपासच पाघळते. म्हणजे रवा शाबूत, पत्रा शाबूत, आणि फक्त टेकलेला बिंदू क्षणभर ओला. रोमन लेखक प्लिनीने पहिल्या शतकात सोने जोडण्याची कृती लिहून ठेवली आहे, तिच्यात सायप्रसचा तांब्याचा जंगाल, खार आणि लहान मुलाचे मूत्र आहे. वाचताना हसू येते, पण जंगाल म्हणजे तांब्याचा क्षारच.

सुरुवात चांदीवर

पहिल्याच दिवशी सोने घेऊ नका. शुद्ध चांदी घ्या, ९९९ ची. पैंजणाची किंवा भांड्याची मिसळीची चांदी चालणार नाही, तिच्यातले तांबे तापल्यावर काळे पडते. शुद्ध चांदी ९६२ अंशांना वितळते आणि तांब्याशी तिचे मिश्रण ७७९ लाच पाघळते. म्हणजे हाताला जवळजवळ १८० अंशांची मोकळीक मिळते. सोन्यावर तेवढी मिळत नाही.

पुढे सोन्याकडे वळाल तेव्हा बावीस कॅरेटमध्ये मिसळ चांदीची सांगा, तांब्याची नको. तांबे घातलेले सोने आधीच लवकर वितळते, म्हणजे जोड लागायचा आणि पत्रा पाघळायचा क्षण अगदी शेजारी येतात. हे मला कोणी सांगितले नव्हते. माझा पहिला सोन्याचा तुकडा बावीस कॅरेटचाच होता, दुकानातल्या नेहमीच्या लालसर सोन्याचा. दहा रव्यांचा त्रिकोण मांडला होता. डोळ्यांदेखत त्याचा एक चपटा थेंब झाला. तो थेंब अजून एका काचेच्या बाटलीत ठेवलेला आहे.

रवे पाडणे

बारीक तार घ्या, ०.३ मिलिमीटर जाडीची. कात्रीने तिचे तिच्या जाडीएवढेच लांब तुकडे करा. कापताना ते उडतात, म्हणून तार आणि कात्री दोन्ही पारदर्शक पिशवीत घालून कापा. गणित लक्षात ठेवायला सोपे आहे: जाडी आणि लांबी सारखी असली की गोळा जाडीच्या १.१४ पट होतो. ०.३ च्या तारेतून ०.३४ चा रवा. लांबी दुप्पट घेतली तर ०.४३ चा. बावीस कॅरेटच्या एका ग्रॅममधून ०.३४ चे साधारण अडीच हजार रवे निघतात, आणि ०.२ चे काढले तर तेरा हजारांहून जास्त. तेव्हा "किती सोने लागेल" ही काळजी करू नका, किती तास लागतील ही करा.

आता मूस, म्हणजे धातू वितळवायचे भांडे, घ्या. तळाला लाकडी कोळशाची मैद्यासारखी बारीक भुकटी, बोटभर. तिच्यावर तुकडे विखरून टाका, एकमेकांना लागणार नाहीत असे. पुन्हा भुकटी, पुन्हा तुकडे, असे थर देत जा, शेवटी वरून भुकटीची जाड चादर. हे भट्टीत सोन्यासाठी ११०० अंशांच्या आसपास, चांदीसाठी १००० च्या थोडे वर न्या आणि मूस आतपर्यंत तापेल इतका वेळ ठेवा. वितळलेला धातू आपणहून गोळा होतो, पावसाचा थेंब होतो तसा. चारी बाजूंनी मऊ भुकटी असते, त्यामुळे खाली चपटा डाग पडत नाही. सपाट कोळशावर फुंकणीने पाडलेल्या रव्याला तो डाग हमखास असतो. मोजके रवे हवे असतील तर तसेही करता येतात, पण मग कोळशाला खळगे पाडून घ्या.

मूस पूर्ण गार होऊ द्या. घाई करून उघडली तर तापलेली भुकटी हवा लागताच पेटते. गार झाल्यावर साबणाच्या पाण्यात उपडी करा आणि तांदूळ धुतो तसे धुवा. कोळसा तरंगतो आणि ओतून जातो, रवे तळाशी बसतात.

मग चाळणी. मराठी शब्द इथे फार कामाचा आहे, कारण घरातल्या रव्यासारखाच हा रवाही जाडा आणि बारीक निघतो. पितळी जाळीच्या दोन-तीन चाळण्यांनी मापे वेगळी करा, प्रत्येक मापाची डबी वेगळी. शेवटी एका गुळगुळीत कागदाला किंचित उतार देऊन रवे वरून सोडा. गोल असतील ते घरंगळत खाली जातील, वेडेवाकडे वाटेतच थांबतील. थांबलेले पुन्हा मुशीत.

हिरवी खळ

मोरचूद, म्हणजे तांब्याचा निळा क्षार, तसाच वापरायचा मोह होतो, कारण तो सहज मिळतो. पण त्यात गंधक असते, ते जोडाला नको. मोरचुदाचे पाण्यात द्रावण करा आणि त्यात धुण्याच्या सोड्याचे द्रावण थोडेथोडे घाला. फेस येतो आणि निळसर हिरवा गाळ खाली बसतो. हा तांब्याचा कार्बोनेट. वरचे पाणी ओता, नवे घाला, ढवळा, बसू द्या. असे सहा-सात वेळा करून मग गाळून सुकवा. स्वयंपाकाचे एकही भांडे या कामाला लावू नका आणि हातमोजे घाला, तांब्याचे क्षार विषारी असतात. धुवण झाडांना किंवा मोरीत टाकू नका. मॅलकाइट या तांब्याच्या हिरव्या खनिजाची तयार भुकटी मिळाली तर हा सगळा खटाटोप वाचतो.

चिकटपणासाठी मी बिहीदाणा वापरते, काष्ठौषधींच्या दुकानात मिळतो. सात-आठ दाणे चमचाभर पाण्यात रात्रभर भिजवले की सकाळी बुळबुळीत खळ तयार. फडक्यातून गाळा. डिंक कतिराही चालतो. साधा बाभळीचा डिंक मात्र मला आवडत नाही, वाळताना आकसतो आणि रवे ओढून नेतो.

खळीत चिमूटभर हिरवी पूड आणि टाकणखाराच्या (बोरॅक्सच्या) पाण्याचा एक थेंब घालून ढवळा. दाटपणा ताकाच्या निवळीइतका हवा. इथे सगळ्यांची चूक एकच होते: पूड जास्त पडते. तांबे जास्त झाले की ते डाखासारखेच वाहते आणि आपण पुन्हा कास्तेल्लानींच्या जागी येऊन पोचतो. काचेवर एक थेंब सुकवून पाहा. मागचे अक्षर स्वच्छ दिसले पाहिजे.

मांडणी

पत्रा ०.३ मिलिमीटरचा पुरे, पण सपाट ठेवू नका. ठोकून त्याला किंचित घुमट द्या, म्हणजे तापल्यावर तो वाकडा होणार नाही. मग तो राखेने किंवा बारीक पूडीने घासून, धुऊन, पाण्याचा थर न तुटता पसरतो का पाहा. पाणी कुठे तुटले तर तिथे बोटाचे तेल आहे. यानंतर पत्र्याला बोट लावायचे नाही.

पहिला नमुना दहा रव्यांचा त्रिकोण करा: चार, तीन, दोन, एक. एट्रुस्कन आणि ग्रीक दोघांच्याही कामात हा त्रिकोण जागोजागी आहे, आणि तो निवडण्यामागे शहाणपण आहे. रवे एकमेकांच्या खोबणीत बसतात, त्यामुळे घसरत नाहीत. सुईने पत्र्यावर पायाची एक हलकी रेघ ओढा. सर्वात बारीक कुंचला खळीत बुडवून निथळा, ओल्या टोकाने एक रवा उचला आणि रेघेवर टेकवा. रवा कुंचल्यावरून आपणहून उतरतो. उतरला नाही तर खळ कमी आहे, पोहू लागला तर जास्त. दुसरा रवा पहिल्याला लागून. चौथा बसला की भिंग लावून ओळ पाहा आणि सुकायच्या आत सुईने सरळ करा. त्यानंतरची तीनची ओळ खोबणीत स्वतःच बसते.

मी ज्यांच्याकडे शिकले ते कोल्हापूरचे एक वयस्कर कारागीर होते. ठुशीचे मणी गुंफण्यात हयात गेलेली. एट्रुस्कन हा शब्द त्यांनी माझ्याकडूनच ऐकला. माझा फोटो बराच वेळ पाहून म्हणाले, "ताई, हा माणूस पंखा लावून बसत नव्हता." खरेच आहे. मांडणीच्या वेळी पंखा बंद, खिडकी बंद, आणि बोलणेही बंद.

ओळी सुटायची फार भीती वाटत असेल तर त्रिकोणाच्या पायाशी एक बारीक तार लावून घ्या, रवे तिला टेकून राहतात.

आग

तुकडा पूर्ण सुकला पाहिजे. दिव्याखाली निदान दोन तास, पावसाळ्यात रात्रभर. ओल राहिली तर वाफ होते आणि रवे लाहीसारखे उडतात.

खोलीतला उजेड कमी करा, कारण आता तापमापक म्हणजे आपले डोळे. जुन्या कारागिरांकडे कोळशाची शेगडी आणि फुंकणी होती. आपल्या सोनारांची बागेसरी (छोटी शेगडी) आणि फुंकणी यांच्यात आणि त्यांच्यात फारसा फरक नाही. माझे मत विचाराल तर छोट्या कामाला फुंकणी अजूनही गॅसच्या बंदुकीपेक्षा हाताला जास्त ऐकते. गॅस वापरणार असाल तर ज्योत मोठी, मऊ, पिवळसर टोकाची ठेवा. निळी टोकदार ज्योत प्राणवायू आणते आणि नुकतेच जन्मलेले तांबे पुन्हा भस्म करते.

तुकडा जाळीवर ठेवा, जाळीखालून तापवायला सुरुवात करा. पत्रा जाड आणि रवा लहान असतो, वरून ज्योत मारली तर रवा आधी वितळतो. खालून नेले तर दोघे बरोबरीने चढतात. आधी खळ तपकिरी होईल, मग काळी. घाबरू नका, तो कोळसा आपल्याला हवाच आहे. नंतर काळेपणा विरत जाईल आणि पत्रा अंधारात मंद लाल दिसू लागेल. आता दुसरी ज्योत वरून, दूर धरून, गोल फिरवत आणा. लाल उजळत नारिंगीकडे जाईल.

आणि मग ते दिसते. पत्र्यावरून एक चमक सरकते, ओल्या फरशीवरून उजेड सरकावा तशी. रव्यांच्या पायाशी क्षणभर पारा आल्यासारखा वाटतो. ज्योत काढा. विचार करत थांबलात तर उशीर झालेला असतो. दोन सेकंद जास्त झाले की रवे बुडू लागतात, चार झाले की माझ्या बाटलीतला थेंब होतो. पहिल्या दहा तुकड्यांत ही चमक ओळखायलाच शिका, त्या चांदीकडून दुसरी काही अपेक्षा ठेवू नका.

सफाई आणि परीक्षा

गार झाल्यावर सायट्रिक ॲसिडच्या कोमट पाण्यात टाका, ढोकळ्यात घालतात तेच. टाकणखाराची काच विरघळते, काळे डाग जातात. मग रिठ्याच्या पाण्यात मऊ ब्रशने धुवा.

परीक्षा सुईने. प्रत्येक रव्याला बाजूने हलके ढकला. सुटला तर सुटू द्या. तिथे पुन्हा खळ, पुन्हा रवा, पुन्हा आग. तीन-चार वेळा आग दिली तरी चालते. नीट बसलेले रवे दुसऱ्या आगीत हलत नाहीत, कारण पहिल्या वेळचे तांबे आसपासच्या सोन्यात मुरलेले असते आणि तो जोड आता आधीएवढ्या कमी तापमानाला पाघळत नाही. म्हणून मोठा नमुना एका बैठकीत संपवायचा हट्ट धरू नका. एक ओळ, एक आग.

पॉलिशच्या चाकाजवळ हा तुकडा नेऊ नका. चाक रव्यांचे माथे सपाट करते आणि सगळी मेहनत दिसेनाशी होते.

ग्रीकांची तार

ग्रीक सोनारांनी रवा वापरला, पण अभिजात काळात त्यांचा खरा जीव तारकामात रमला. ग्रीसच्या मॅसिडोनिया प्रांतातल्या व्हर्जिना येथे मानोलिस आंद्रोनिकोस यांनी १९७७ साली उघडलेल्या राजथडग्यात ओकच्या पानांचा सोन्याचा मुकुट निघाला, ३१३ पाने आणि ६८ फळे असलेला. त्याचे फोटो जरूर पाहा. पण आपल्या बाकासाठी उपयोगाची गोष्ट लहान आहे: त्यांची तार जंतरातून, म्हणजे तार ओढायच्या भोकांच्या पट्टीतून, ओढलेली नसे. पातळ पत्र्याची अरुंद पट्टी कापून ती पिळायची, शीतपेयाच्या कागदी नळीसारखी, आणि मग दोन गुळगुळीत फळ्यांमध्ये लाटून घट्ट करायची.

हे करून बघाच. ०.१ मिलिमीटर पत्र्याची एक मिलिमीटर रुंद पट्टी, एक टोक चिमट्यात, दुसरे हातात, सावकाश पीळ. मध्ये एकदोनदा तापवून मऊ करा, नाहीतर तुटेल. लाटल्यावर गोल तार मिळते आणि तिच्या अंगावर जिन्यासारखी फिरत जाणारी एक बारीक शिवण राहते.

ही शिवण खरेदीदारालाही उपयोगी आहे. "प्राचीन" म्हणून समोर आलेल्या दागिन्याची तार भिंगाखाली धरा. फिरती शिवण दिसली तर निदान पुढे बघायला हरकत नाही. तारेच्या लांबीला समांतर सरळ ओरखडे दिसले तर ती जंतरातून ओढलेली आहे, आणि एट्रुस्कन म्हणून सांगितलेल्या वस्तूवर ते ओरखडे म्हणजे वाईट खूण. अर्थात नुसत्या शिवणीवर पैसे मोजू नका, नकला करणाऱ्यांनाही पट्टी पिळता येते. आणि कागदपत्रांशिवाय आलेली खरी वस्तू तर त्याहून घेऊ नये. ती बहुधा कोणाच्या तरी थडग्यातून चोरीला गेलेली असते.

बाक आवरताना

कोऱ्या पांढऱ्या टॉवेलवर काम करा आणि बाकाखाली झोळी बांधा, सोनार बांधतात तशी. ०.३४ चा रवा फरशीवर पडला की गेला. टॉवेल झटकू नका, घडी घालून ठेवा. महिनाभराची झोळी, कागद, कुंचल्याची धुवणे असे सगळे एका डब्यात साठवा आणि झारेकऱ्याला, म्हणजे सोनाराचा केर धुऊन त्यातला धातू काढणाऱ्याला, द्या. माझ्या पहिल्या वर्षाच्या डब्यातून जे निघाले, त्यात पुढचे दोन त्रिकोण झाले.